तळ्याची हद्द कुठे संपते?

मार्च लागला की गावतळ्याची कड आत सरकू लागते. उघड्या पडलेल्या ओल्या गाळात कुणी काकडी टाकतं, कुणी कलिंगडाचे वेल सोडतं. या पिकाला गाळपेर म्हणतात. मृगाचा पाऊस झाला की पाणी परत येतं आणि उरलेल्या वेलांसकट आपली जागा ताब्यात घेतं. कड अशी हलते हे गावात सगळ्यांना ठाऊक असतं, म्हणून तिच्यावरून कुणी भांडत नाही. भांडण लागतं ते त्या गाळावर कुणीतरी मुरमाच्या चार खेपा ओतल्यावर. आता पाण्याला परत यायला वाट नसते, आणि मुरूम ओतणारा कोर्टात सांगतो, ‘साहेब, इथं तळं नव्हतंच. तळं पलीकडे आहे.’

उत्तर प्रदेशात भदोहीकडच्या उगापूर गावचा वाद असाच होता. महसुली कागदात तळं म्हणून लागलेल्या जमिनीचे तुकडे घरं बांधायला वाटले गेले. अपर जिल्हाधिकाऱ्यांनी १९९९ साली ते वाटप रद्द केलं, पण उच्च न्यायालयाला कोरडा आणि सपाट झालेला भाग घरांसाठी द्यायला हरकत वाटली नाही. सर्वोच्च न्यायालयानं जुलै २००१ मध्ये हा निर्णय फिरवला. त्यातला कळीचा मुद्दा गाळपेर करणाऱ्या कुणाही शेतकऱ्याला सांगता आला असता: तिथं तळं आहे, आणि पावसाळ्यात त्याचा विस्तार कमीजास्त होतो, मग त्यातला कुठलाच भाग घरासाठी देता येणार नाही. म्हणजे उन्हाळ्यातली कड ही तळ्याची हद्द नव्हे. घरं बांधलेल्यांना सहा महिन्यांत जागा सोडायला सांगितलं, घराचं सामान नेण्याची मुभा दिली आणि तळं पूर्ववत करण्याचं काम सरकारकडे सोपवलं. जंगल, तळं, टेकडी ही समाजाची साधनसंपत्ती आहे आणि तिचं रक्षण हा राज्यघटनेच्या २१व्या अनुच्छेदातल्या जगण्याच्या हक्काचाच भाग आहे, हे सूत्र या छोट्याशा निकालातून पुढच्या शेकडो याचिकांमध्ये गेलं.

वकील मंडळी असे खटले पक्षकारांच्या नावांनी ओळखतात. मी ते गावांच्या नावांनी लक्षात ठेवतो. पक्षकार आले-गेले, वाद तळ्याचा होता.

एक हेक्टर तळ्यात सरासरी मीटरभर पाणी धरलं, तर ते १०,००० घनमीटर होतं, म्हणजे एक कोटी लिटर. दहा हजार लिटरचे हजार टँकर. तळं बुजवलं म्हणून पाऊस कमी पडत नाही. फक्त या पाण्याला बसायला जागा उरत नाही, मग ते शेजारच्या सोसायटीच्या पार्किंगमध्ये जाऊन बसतं. त्याच सोसायटीची बोअर मे महिन्यात आटते आणि टँकर बोलवावा लागतो. पाणथळ जागेचं महत्त्व सांगणारे धडे शाळेपासून आपण वाचत आलोय, त्यामुळे इथं एवढंच पुरे. भराव टाकणाऱ्यालाही हे सगळं माहीत असतं.

त्याला आणखी एक गोष्ट माहीत असते. तळं आधी कागदावर बुजवावं लागतं. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचं कलम २० सांगतं की नद्या, नाले, ओढे, तळी आणि त्यांतलं साचलेलं वा वाहतं पाणी, कुणाची खासगी मालकी सिद्ध होत नसेल तर, राज्य शासनाच्या मालकीचं. वाक्य भरभक्कम आहे, पण त्याचा जीव त्या ‘तर’मध्ये अडकलेला. पुष्कळ लहान तळी खासगी सातबाऱ्याच्या पोटात असतात, ‘पोटखराब ब’ या रकान्यात. पोटखराब ‘अ’ म्हणजे खडकाळ, नापीक तुकडा. तो सुधारून लागवडीखाली आणता येतो. ‘ब’ म्हणजे रस्ता, नाला, तळं अशा वापरामुळे आकारणीतून वगळलेला भाग. त्यावर खातेदाराचं नाव दिसतं, पण तो नांगरायची मोकळीक त्याला नसते. आता सातबारा हातात घेऊन प्लॉट बघायला आलेला माणूस वर नाव बघतो, क्षेत्र बघतो, फार तर बोजा बघतो. ‘ब’ कोण बघतं? आणि एखाद्या फेरफारात, एखाद्या बिनशेती आदेशात तो आकडा एकूण क्षेत्रात मिसळून गेला, तर पुढच्या वादात तळ्याच्या बाजूनं बोलणारा पहिला साक्षीदारच गायब होतो.

प्रत्यक्ष भरावाची रीतही ठरलेली आहे. शहरात जुनी इमारत पाडली की राडारोडा निघतो. तो लांब नेऊन टाकायला डिझेल लागतं, पैसे लागतात. जवळची सखल जागा दोन्ही अडचणी सोडवते: टाकणाऱ्याची वाहतूक वाचते आणि जागा उंचावते. डंपर रात्री येतात. तळ्याच्या मध्यावर कुणी हात घालत नाही. आधी तळ्याला पाणी आणणारा ओहोळ बुजतो, मग काठ, मग एक-दोन पावसाळे जाऊ दिले जातात. तळं आपोआप रोडावतं, गवत माजतं, डास होतात, आणि ज्या वस्तीचं ते तळं, तीच वस्ती ‘एकदाचं हे डबकं बुजवा’ असा अर्ज करते. हा शेवटचा टप्पा मला सगळ्यात कसबाचा वाटतो.

समुद्रकाठी हेच काम भरतीच्या वाटेवर होतं. खारजमिनीच्या बांधाला उघाडी असते. भरती-ओहोटीचं पाणी तिच्यातून आतबाहेर जातं. ती बंद केली की आतली पाणथळ जागा सुकते आणि खारफुटी वाळते. उरणच्या पाणजे भागात भरतीचं पाणी अडवल्याच्या तक्रारी पक्षीप्रेमी आणि मच्छीमार वर्षानुवर्षं करत आलेत. सुकलेल्या जागेवर मग पक्षी येत नाहीत, आणि पक्षी येत नाहीत हेच ती पाणथळ नसल्याचा पुरावा म्हणून पुढे होतं. उरणच्याच पारंपरिक मच्छीमारांनी राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणापुढे वेगळा प्रश्न मांडला होता: बंदराच्या विस्तारासाठी भराव पडला, खाडीत जायची वाट आणि मासळीची जागा गेली, तर त्याची किंमत कोण देणार? न्यायाधिकरणाच्या पुण्याच्या खंडपीठानं फेब्रुवारी २०१५ मध्ये १,६३० कुटुंबांना सुमारे ९५ कोटी रुपये भरपाई देण्याचा आदेश दिला, आणि तिचा भार जेएनपीटी, सिडको आणि ओएनजीसी या तिघांवर वाटून टाकला. प्रकरण पुढे वरच्या न्यायालयात गेलं. पण भरावाच्या खटल्यात पक्षी आणि पाणी यांच्याबरोबर जाळं घेऊन जाणारा माणूसही पक्षकार असतो, हे त्या आदेशानं कागदावर आणलं. खारफुटीपुरतं बोलायचं तर मुंबई उच्च न्यायालयानं २००५ च्या अंतरिम आदेशानं आणि सप्टेंबर २०१८ च्या अंतिम निकालानं तिच्याभोवती ५० मीटरचा पट्टा राखून ठेवला. खारफुटीला ती सोय आहे, कारण झाड दिसतं. नुसत्या पाण्याचं तसं नसतं.

पाणथळ जागा म्हणजे काय, हे ठरवायला गेलं की वाद तळ्याच्या काठावरून थेट व्याख्येत शिरतो. अहमदाबादच्या स्पेस ॲप्लिकेशन्स सेंटरनं उपग्रहाच्या चित्रांवरून देशातल्या पाणथळ जागांचा नकाशासंग्रह केला. २०११ च्या त्या मोजणीत एकूण ७,५७,०६० जागा भरल्या. सव्वादोन हेक्टरांहून मोठ्या २,०१,५०३ जागांच्या हद्दी नकाशावर आखता आल्या. उरलेल्या ५,५५,५५७ जागा त्या प्रमाणात इतक्या बारीक की नुसते ठिपके द्यावे लागले. फेब्रुवारी २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं आदेश दिला, की या २,०१,५०३ जागांना २०१० च्या पाणथळ नियमांतल्या चौथ्या नियमाचं, म्हणजे भराव आणि बांधकामबंदीचं, संरक्षण लगेच लागू धरावं. फार मोठा आदेश होता. पण वजाबाकी करून पाहा. चारातल्या जवळपास तीन जागा ठिपक्यांत राहिल्या, आणि गावतळं सहसा ठिपकाच असतं. ज्यांच्या हद्दी आखल्या गेल्या त्यांचंही प्रत्यक्ष जागेवर जाऊन सीमांकन व्हायचं राहिलंच होतं. डिसेंबर २०२४ मध्ये न्यायालयाला पुन्हा राज्यांना बजावावं लागलं, की नव्या नकाशासंग्रहातल्या सव्वादोन लाखांहून अधिक जागांची जमिनीवर पडताळणी करून हद्द आखा.

मधल्या काळात नियमही बदलले. सप्टेंबर २०१७ च्या नव्या नियमांनी पाणथळ जागेच्या व्याख्येतून नदीपात्र आणि भातखाचरं वगळली. पिण्याच्या पाण्यासाठी, सिंचनासाठी, मिठासाठी, मत्स्यपालनासाठी, करमणुकीसाठी मुद्दाम बांधलेले साठेही वगळले. वाचताना हे वाजवी वाटतं. प्रत्येक धरणाला पाणथळ जागा म्हणायचं कसं? पण आपल्या दख्खनच्या पठारावर निसर्गानं दिलेली तळी मुळात थोडी. इथली बहुतेक तळी कुणा राजानं, जमीनदारानं, देवस्थानानं नाहीतर गावानं बांध घालून केलेली. व्याख्येचं दार बंद झालं ते नेमकं त्यांच्यावर.

नागपूरचा फुटाळा तलाव हे याचं ताजं उदाहरण. भोसल्यांच्या काळात, १७९९ साली बांधलेला. त्यात संगीत कारंजी आणि तरंगतं उपाहारगृह उभारायच्या प्रकल्पाला एका संस्थेनं आव्हान दिलं, नियम दाखवला पाणथळ जागांचा. ऑक्टोबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं, हा तलाव सिंचनासाठी माणसानं बांधलेला, तेव्हा २०१७ च्या व्याख्येत तो बसत नाही. मात्र त्याच निकालात न्यायालयानं दुसरं दार किलकिलं ठेवलं. सार्वजनिक विश्वस्ततेचं तत्त्व, म्हणजे सरकार अशा संपत्तीचं मालक नसून लोकांच्या वतीनं विश्वस्त आहे हा विचार, माणसानं बांधलेल्या तलावांनाही लागू पडतो असं त्यानं सांगितलं. पुढच्या याचिकाकर्त्यांना बहुधा याच दारातून आत जावं लागेल.

मुंबईचा पवई तलावही माणसानं बांधलेलाच, १८९१ चा. त्याच्या काठानं महापालिकेनं सायकल मार्ग सुरू केला. तारेच्या जाळ्यांत दगड भरून भिंत घातली आणि म्हटलं, यातून पाणी झिरपतं, हा भराव नव्हेच. मे २०२२ मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं काम बेकायदा ठरवलं, केलेलं बांधकाम काढून जागा पूर्ववत करायला सांगितलं, आणि आधार घेतला तो पाणथळ नियमांतल्या भरावबंदीचाच. दोन तलाव, दोन्ही मानवनिर्मित, आणि जवळपास साडेतीन वर्षांच्या अंतरानं दोन वेगळी उत्तरं. पवईत पाण्यात दगड पडले होते आणि फुटाळ्यात वाद कारंज्यांचा होता, हे खरं. तरीही सामान्य माणसानं यातून आपल्या तळ्यासाठी काय धडा घ्यावा, याचं सोपं उत्तर माझ्यापाशी नाही.

व्याख्येवर भिस्त न ठेवता आधी हद्द आखून घेतली तर काय होतं, ते कोलकात्यात दिसतं. शहराच्या पूर्वेला हजारो हेक्टर मत्स्यतळी आहेत, तिथल्या भाषेत भेरी. शहराचं सांडपाणी या उथळ तळ्यांत पसरतं, ऊन आणि शेवाळ त्याची घाण फोडतात आणि त्यावर मासे पोसले जातात. ध्रुवज्योती घोष हे सरकारी अभियंता सांडपाण्याचा माग काढत तिथं पोचले आणि त्यांनी या साऱ्या व्यवस्थेचा नकाशा तयार केला. पुढे राज्य सरकारला तिथल्या २२७ एकरांवर व्यापार केंद्र उभारायचं होतं. ‘पब्लिक’ या नागरिक संस्थेनं याचिका केली आणि १९९२ मध्ये कोलकाता उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती उमेशचंद्र बॅनर्जी यांनी पाणथळ क्षेत्रातला जमिनीचा वापर बदलायला मनाई केली. ‘इथंपर्यंत’ म्हणजे कुठपर्यंत, हे सांगायला नकाशा तयार होता. २००२ मध्ये या १२,५०० हेक्टर क्षेत्राला रामसर दर्जा मिळाला आणि २००६ मध्ये त्याच्यासाठी स्वतंत्र कायदा झाला. भराव तिथंही होतो, तक्रारी तिथंही आहेत. पण तिथल्या वादाची सुरुवात ‘तळं होतं का’ या प्रश्नापासून होत नाही.

बंगळूरुची गंमत याच्या उलट. तिथं तलाव कुठं संपतो यापेक्षा तलावापासून किती दूर बांधायचं यावर लढाई झाली. हरित न्यायाधिकरणानं मे २०१६ मध्ये तलावाभोवती ७५ मीटर मोकळे सोडायला सांगितलं. शहराच्या आराखड्यात होते ३० मीटर. मार्च २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ७५ मीटरचा आदेश रद्द केला. कारण पर्यावरणाचं नव्हतं, अधिकाराचं होतं: आराखडा बदलणं न्यायाधिकरणाच्या हातात नाही. आपल्याकडे नदीच्या पूररेषांवरून, निळ्या आणि लाल रेषेवरून, जी ओढाताण चालते तिची ही सख्खी बहीण. आणि यातून कळतं ते असं, की विकास आराखड्याच्या हरकती-सूचनांचे ३० दिवस हा तळ्यासाठी कोर्टातल्या दहा वर्षांहून मोलाचा काळ असतो. त्या दिवसांत नगरपालिकेच्या भिंतीवरचा नकाशा बघायला किती जण जातात?

वेळ हा या सगळ्या खटल्यांतला न दिसणारा पक्षकार. हरित न्यायाधिकरणाच्या कायद्यातल्या कलम १४ खाली वादाचं कारण पहिल्यांदा घडल्यापासून सहा महिन्यांत अर्ज करावा लागतो. सबळ कारण असेल तर आणखी ६० दिवस. जागा पूर्ववत करून मागायची किंवा भरपाई मागायची तर कलम १५ खाली पाच वर्षं मिळतात. पण भराव हळूहळू पडतो. ‘पहिल्यांदा’ कधी घडलं? पहिला डंपर आला ती रात्र, की पत्र्याचं कुंपण लागलं तो दिवस? म्हणून जाणते कार्यकर्ते पहिल्या डंपरालाच तहसीलदाराकडे अर्ज देतात, पोचपावती घेतात, पंचनाम्याची मागणी करतात आणि जुनी उपग्रहचित्रं उतरवून ठेवतात. फोटो मात्र दोन्ही बाजूंकडे असतात. याचिकाकर्त्याचा ऑगस्टमधला, काठोकाठ भरलेला. उत्तर देणाऱ्याचा मेमधला, भेगाळलेला. दोन्ही एकाच जागेचे आणि दोन्ही खरे.

उशीर झाला तर काय होतं, ते तिरुपतीत घडलं. अविलाला आणि पेरूरू या दोन जुन्या तलावांची जमीन सरकारनंच घरबांधणीसाठी दिली, एक नगरविकास प्राधिकरणाला आणि दुसरी देवस्थानाला. २००६ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयानं विश्वस्ततेचं तत्त्व ठणकावून मांडलं. पण तोवर घरं उभी राहिली होती. मग पुढचं बांधकाम थांबवा, पाणी आणणारी वाट मोकळी करा, छपरावरचं पाणी जिरवा अशा उपायांवर समाधान मानावं लागलं. तत्त्व उगापूरचंच होतं. फरक काँक्रीटचा होता.

पंजाबात पतियाळाजवळच्या रोहर जागीर गावात तर जिल्हाधिकाऱ्यांनीच म्हटलं होतं, की तळं बुजवून घरं बांधणाऱ्यांना आता हटवणं लोकहिताचं नाही, पंचायतीनं त्यांच्याकडून जमिनीची किंमत घ्यावी. जानेवारी २०११ मध्ये न्यायमूर्ती मार्कंडेय काटजू आणि ज्ञानसुधा मिश्रा यांनी हे साफ नाकारलं. किती पैसे ओतले किंवा किती वर्षं झाली, हे बेकायदा कब्जा टिकवायचं कारण होऊ शकत नाही. त्यांनी सगळ्या राज्यांना गावच्या सामाईक जमिनी मोकळ्या करण्याची योजना आखायला सांगितली. अपवाद ठेवला तो सरकारी अधिसूचनेनं भूमिहीन मजुरांना किंवा अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना दिलेल्या भाडेपट्ट्यांसारख्या प्रकरणांचा, आणि जिथं आधीच शाळा किंवा दवाखाना उभा आहे अशा जागांचा. हा अपवाद मला महत्त्वाचा वाटतो. तळ्याच्या कडेला चार पत्रे टाकून राहणारा आणि तळ्यावर सात मजले चढवणारा हे दोघे एका नोटिशीत बसत नाहीत, पण जेसीबी आधी कुणाच्या दारात जातो हे आपण पाहिलेलं आहे.

तळं हलवताही येतं, असा एक युक्तिवाद अलीकडे होतो. ग्रेटर नोएडाजवळच्या सैनी गावची तळी औद्योगिक वसाहतीसाठी गेली, बदल्यात दुसरीकडे मोठं तळं खोदून देतो असं प्राधिकरणानं सांगितलं, आणि हरित न्यायाधिकरणाला ते पटलंही. नोव्हेंबर २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाला पटलं नाही. नवं तळं कोसावर असेल तर गावातल्या गुरांनी आणि माणसांनी काय करायचं, आणि जुन्या तळ्याभोवतीचं जीवन त्यानं भरून येईल याची हमी काय, असं विचारत त्यानं जागा पूर्ववत करायला लावली.

महाराष्ट्रात रोहर जागीरच्या निकालानंतर १२ जुलै २०११ ला शासन निर्णय निघाला, गायरान आणि सार्वजनिक वापराच्या जमिनींवरची अतिक्रमणं काढण्याबाबत. ‘वनशक्ती’ या संस्थेच्या जनहित याचिकेवर मुंबई उच्च न्यायालयानं २०१३ पासून पाणथळ जागांवर भराव टाकायला मनाई केली आणि तक्रारींसाठी समित्या बसवल्या. गोव्यात नगर व ग्राम नियोजन कायद्याचं कलम १७-अ परवानगीशिवाय सखल जमीन भरायला बंदी घालतं. तरतुदींची टंचाई नाही. २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या देशातल्या पहिल्या जलसाठा गणनेत २४,२४,५४० साठे मोजले गेले आणि त्यांतल्या ३८,४९६ वर अतिक्रमण सापडलं. शेकडा जेमतेम १.६. आकडा दिलासादायक वाटतो. पण मोजणारा माणूस साठ्यापाशी जाऊन मोजतो. जिथं आज मंगल कार्यालय आहे तिथं तो थांबलाच नसणार.

तलाठ्याकडे गाव नमुना १-ई नावाची नोंदवही असते, अतिक्रमणांची. तळ्यावर पहिला मुरूम पडतो तेव्हा तिच्यात एक ओळ भरली गेली, तर पुढे वीस वर्षांनी कोर्टात ‘इथं तळं होतं’ म्हणायला ती ओळ पुरते. ती भरायला उपग्रह लागत नाही. पावसाळ्यात एकदा काठावर जाऊन उभं राहावं लागतं, पाणी कुठवर आलंय ते बघत.